याचिकाकर्ता क्रमांक एक

मी डी.एड. झालो त्या वर्षी आमच्या घरामागे जंगल खात्याने सागाची रोपं लावली होती. माझं नाव पहिल्यांदा एखाद्या यादीत लागलं तेव्हा त्या सागाच्या बुंध्याला माझ्या दोन्ही हातांची मिठी पुरत नव्हती. लोक म्हणतात मी वाढवून सांगतो. साग वाढवून सांगितला असेल, पण भरतीला लागलेला वेळ मी दयेपोटी कमीच करून सांगतोय.

अब्बा आलापल्लीत टेलर. गार्डापासून रेंजरपर्यंत सगळं खाकी त्यांच्या मशीनखालून गेलेलं. कोणत्या साहेबाचं पोट कोणत्या लाकूड-डेपोवर असताना सुटलं, हे ते मापाच्या वहीतून पुराव्यासह दाखवतात. माझा निकाल लागला त्याच आठवड्यात त्यांनी मला दुकानात उभं करून माप घेतलं आणि रुजू होण्याच्या दिवसासाठी सफारी शिवून टाकली. राखाडी रंगाची, वरचा एक खिसा खास खडूसाठी. पुढे भरतीची अफवा उठली की ती सफारी पेटीतून निघायची, मी ती अंगात कोंबायचो, अब्बा मान हलवायचे आणि कमरेची शिलाई उसवून बोटभर कापड सोडायचे. चार अफवांनंतर आत सोडायला कापडच उरलं नाही. मग त्यांनी माझ्या ताटातला भात कमी केला. कापड वाढवता येत नाही तर पोराला कमी करू, असा साधा विचार.

मधल्या काळात मी रिकामा नव्हतो. परीक्षा देत होतो. शिक्षक व्हायला लायक आहेस का, याची एक परीक्षा. लायक असलास तरी तुझा कल आणि बुद्धी तिकडे आहे का, याची दुसरी. पोटापाण्यासाठी एका कॉन्व्हेंटात शिकवत होतो. आमच्याकडे इंग्रजीत नाव असलेल्या आणि पत्र्याचं छप्पर असलेल्या कोणत्याही शाळेला कॉन्व्हेंट म्हणतात. तिथे मी मराठी, गणित, चित्रकला आणि एकदा बाई रजेवर असताना मुलींचं लेझीमही शिकवलं.

तर अशा त्या वर्षांच्या शेवटी एका हिवाळ्यात यादी आली. शेजारच्या की आमच्या, कोणत्या जिल्ह्याची ते सांगत नाही. आमच्याकडे जंगलाचे जिल्हे दोनच, आणि मला दोन्हीकडे जायचं-यायचं असतं. यादी पोर्टलवर होती. पोर्टलवर आपापल्या खात्यात शिरून बघायचं असतं, आणि शिरायला मोबाईलवर ओटीपी यावा लागतो. माझा ओटीपी ज्या नंबरावर जायचा ते सिम रिचार्जअभावी कधीच वारलं होतं. म्हणजे सरकार मला कळवत होतं, पण मेलेल्याच्या नावाने.

आम्हा उमेदवारांचा एक ग्रुप होता. मीच काढलेला. त्यात पोंभुर्ण्याच्या बाजूचा एक कापूसवाल्याचा मुलगा होता, माझ्याहून हुशार आणि माझ्याहून गरीब तोंडाचा. त्याने चंद्रपूरच्या बसस्टँडवर उभं राहून यादी उतरवून घेतली आणि एकेका पानाचा फोटो ग्रुपवर टाकला. पंधरा पानं आली. पंधराव्या पानाचा खालचा अर्धा भाग कोरा होता, त्यावरून यादी संपली असं आम्ही सव्वीस जणांनी एकमताने ठरवलं. आमच्यात एकमत व्हायची ती पहिली आणि शेवटची वेळ. सव्वीसपैकी एकाचंही नाव त्यात नव्हतं.

दुसऱ्याच दिवशी आम्ही अन्यायग्रस्त झालो. आदल्या दिवसापर्यंत नुसते बेकार होतो.

अन्याय कोणता, ते शोधायला मात्र आठवडा लागला. अखेर कुणीतरी बिंदुनामावली हा शब्द आणला. कोणती जागा कोणत्या प्रवर्गाला जाते ते त्या तक्त्यात लिहिलेलं असतं, आणि तो चुकलेला आहे असं म्हटलं की खोटं ठरवायला वर्षं लागतात. तो तक्ता मी आजवर डोळ्यांनी पाहिलेला नाही. सव्वीसपैकी कुणीच पाहिलेला नव्हता. पण तो चुकलाय याबद्दल आमच्या मनात इतकी खात्री होती की त्या खात्रीवर एखादा धर्म निघाला असता.

याचिका एकट्याने करायची नसते. निकाल लागला तर तो फक्त याचिकेत नाव असलेल्यांना लागू होतो, असं सगळ्यांनी ऐकलेलं असतं, म्हणून बसला लोंबकळावं तसे लोक याचिकेला लोंबकळतात. मात्र पहिल्या नंबरावर कुणाला बसायचं नव्हतं. पहिल्याचं नाव कागदावर ठळक येतं, बाकीचे ‘व इतर पंचवीस’ होऊन आरामात झोपतात. पहिल्याचं नाव साहेब लोक लक्षात ठेवतात, अशी भीती. मी म्हटलं, ठेवू देत. आयुष्यात माझा पहिला नंबर कुठेच आला नव्हता; इथे तो न अभ्यास करता मिळत होता.

नागपूरच्या वकिलांनी सांगितलं की हकीकत मराठीत लिहून आणा, इंग्रजी आम्ही करू. ती हकीकत मी लिहिली. एकतीस परिच्छेद. लिहिताना मी स्वतःच दोनदा रडलो. वकिलांचा ज्युनिअर ती वाचताना सुपारी-तंबाखूचा खर्रा थुंकायला म्हणून उठला तो बराच वेळ आला नाही, तोही रडत असावा. हायकोर्टात आमचं प्रकरण फार तर तेवढा वेळ चाललं जेवढ्या वेळात अब्बा एक काज करतात. पुढील तारखेपर्यंत परिस्थिती जैसे थे ठेवावी, कुणालाही नेमणूक देऊ नये, असा आदेश झाला. स्टे मिळाला!

बाहेर येऊन आम्ही तर्री-पोहे खाल्ले. तर्री इतकी झणझणीत की विजयाचे अश्रू कोणते आणि तर्रीचे कोणते ते वेगळे करता येत नव्हते. एका छोट्या पेपरात आमचा फोटो आला. अब्बांनी तो कापून दुकानात कैचीच्या खुंटीखाली डकवला. त्यानंतरचे दोन-तीन महिने मी आलापल्लीत ‘स्टेवाले सर’ होतो. लग्नात मला पुढच्या पंगतीत बसवत. ज्यांचा शिक्षकभरतीशी काडीचा संबंध नव्हता असे लोक शेताच्या बांधाचा, सोयरिकीचा आणि एकजण तर सासूचा स्टे कसा आणायचा ते विचारायला येत. मी सल्ला देत असे. सल्ल्यात कमी पडलो असं कुणी म्हणणार नाही.

एप्रिलात, मोहफुलं वेचून झाली की लोकांना बाहेरगावी जायला सवड असते, त्या दिवसांत दुपारी दुकानात दोन माणसं आली. एक म्हातारा, धोतर आणि पायात टायरच्या चपला. दुसरी चाळिशीची बाई, हातात प्लास्टिकची पिशवी, पिशवीत घडी घातलेले कागद. नदीच्या बाजूच्या एका धानवाल्या गावाहून पहाटेच निघाले होते. आष्टीला गाडी बदलली, आणि तिथून पुढे लोहखनिजाच्या ट्रकांमागे धूळ खात आलापल्लीपर्यंत. म्हाताऱ्याची मिशी मूळची कोणत्या रंगाची होती ते सांगता येत नव्हतं. मी त्यांना पाणी दिलं.

म्हाताऱ्याने ओळख सांगितली. तो गावच्या शाळेच्या समितीचा अध्यक्ष. बाई शाळेत खिचडी शिजवते. गुरुजी रिटायर झाले, त्यांच्या जागी कुणी आलं नाही. दुसऱ्या शाळेचे एक गुरुजी आठवड्यातून दोन दिवस येतात, त्यातला एक दिवस त्यांची गाडी पंक्चर असते. बाकीचे दिवस बाईच शाळा उघडते, खिचडी चढवते आणि ती शिजेपर्यंत पोरांना पाढे म्हणायला लावते.

बाई म्हणाली, ‘मले बाराच्या पुढं येत नाई. म्हणून समदे पोट्टे बारावर थांबून हायेत. पहिलीचेबी बारावर, चौथीचेबी बारावर.’

मग म्हाताऱ्याने आपली कैफियत मांडली. तालुक्याला बाबूकडे गेलो, आमचा गुरुजी कुठी अडला म्हणून विचारलं. बाबू बोलला, यादी आली हाय, पण एका माणसानं कोर्टातून समदं बंद करून ठेवलं. तो आलापल्लीचा हाय म्हणे, टेलरचा पोरगा. त्याले पाहाले आलो.

सभ्य माणूस इथे दुकानाच्या मागल्या दाराने निघून गेला असता. मी उठून उभा राहिलो. कैचीच्या खुंटीखालच्या फोटोकडे बोट केलं आणि म्हणालो, तो मीच. मग त्यांना समोर बसवून मी अन्याय समजावला. बिंदुनामावली समजावली. घटनेचं एक कलमही सांगितलं, ते मला आजही नीट माहीत नाही. आमचा लढा तुमच्याच लेकरांसाठी आहे, असंही मी म्हणालो, आणि म्हणताना मला ते खरं वाटलं. म्हातारा मान डोलवत राहिला. तो इतक्या अदबीने ऐकत होता की मी आणखी वीस मिनिटं बोललो.

माझं बोलून झाल्यावर त्याने बाईला खूण केली. तिने पिशवीतून एक कागद काढला. म्हातारा म्हणाला, ‘तुमी शिकले-सवरले हा, सर. आता एक काम करून द्या. या कागदावर आमच्या गुरुजीचं नाव हाय. इंग्रजीत हाय, आमाले वाचता येत नाई. मोबाईलवर पाहून तो कुठला हाय ते सांगा. त्याले जाऊन भेटतो, धीर सोडू नको म्हणतो.’

मी विचारलं, तुमच्याच गावाला कोण येणार ते तुम्हाला यादीवरून कसं कळलं? तो हसला. त्याचं तर्कशास्त्र मी कॉलेजात शिकलो असतो तर आज कुठल्या कुठे असतो. समुपदेशनाला, म्हणजे शाळा निवडायला, यादीच्या क्रमाने बोलावतात. पहिला माणूस डांबरी सडकेवरची शाळा घेतो, मधला बाजाराच्या गावाची, आणि होत होत शेवटच्या माणसाला जी उरते ती ह्यांची. पावसाळ्यात नाला चढला की आठ-आठ दिवस गाव तुटतं, मुद्दाम कोण घेणार? भामरागडचं नाव काढलं की चांगल्या धडधाकट उमेदवारांना रक्तदाबाचं सर्टिफिकेट मिळतं. ह्यांचं गाव ऐकून निदान खोकल्याचं तरी मिळत असावं. आजवर आलेले तिन्ही गुरुजी आपापल्या यादीत शेवटचे होते. म्हणून गावाचा नियमच पडला होता की यादी आली की वरचं बघायचं नाही, सरळ शेवटचं पान मागायचं आणि शेवटचं नाव बघायचं.

मी कागद हातात घेतला. वर पान क्रमांक छापला होता. सतरा.

पंधरानंतर दोन पानं होती. माजी सैनिकांसाठी राखलेल्या जागांना माजी सैनिक मिळाले नाहीत, म्हणून त्या जागा खुल्या करून त्यांची वेगळी यादी कोऱ्या अर्ध्या पानानंतर जोडली होती, हे नंतर कळलं. मी शेवटच्या नावावर आलो. आधी आडनाव, मग माझं नाव, मग अब्बांचं.

मी कागद उलटा करून पाहिला, मागची बाजू कोरी होती. बाईने विचारलं, सापडला का? म्हाताऱ्याने विचारलं, लांबचा हाय का? मी म्हणालो, नेटवर्क नाही. अब्बांनी मशीन थांबवलं, उठून माझ्या हातातला कागद घेतला, चष्मा वर करून अक्षर अक्षर लावलं. मग खुंटीखालच्या फोटोकडे पाहिलं, मग माझ्याकडे. त्या दोघांना म्हणाले, ‘भाऊ, और कहीं मत जाओ. दोनों येइच है.’

म्हाताऱ्याला समजायला थोडा वेळ लागला. बाईला लागला नाही. तिने आपल्या पिशवीची मांडीवर नीट घडी घातली आणि मला नखशिखांत पाहिलं, बाजारात वांगी पाहतात तसं.

‘म्हणजे आमच्या गुरुजीले कोर्टातून अडवणारा बी आमचा गुरुजीच हाय,’ ती म्हणाली. ‘बाप्पा. पोट्ट्यायले हे कसं समजावून सांगू मी?’

मी समजावायला लागलो. पंधरावं पान, कोरी जागा, मेलेलं सिम. तिने सगळं ऐकून घेतलं आणि एवढंच विचारलं की जो माणूस सतरा पानं शेवटपर्यंत वाचत नाही तो चौथीचं पुस्तक शेवटपर्यंत नेईल कशावरून. मी बिंदुनामावलीकडे वळणार तेवढ्यात म्हातारा बोलला. शाळा जूनअखेर उघडेल. तोवर गुरुजी न आल्यास पटावरची उरलेली पोरं आठ किलोमीटरवरच्या शाळेत टाकतील आणि ही शाळा बंद करतील, असं बाबूनेच सांगितलं आहे. रागावून नाही म्हणाला. रागावला असता तर बरं झालं असतं.

ते गेल्यावर अब्बांनी फोटो काढून वहीत ठेवला. त्या दिवशी त्यांनी एका गार्डाच्या शर्टाला तीन बाह्या लावल्या, असं मी सांगतो, ते नाकारतात.

दुसऱ्या दिवशी मी ग्रुपवर लिहिलं की आपण सगळ्यांनी मिळून याचिका मागे घ्यावी. कारणही खरं लिहिलं. सव्वीस अन्यायग्रस्तांमधून एक कमी झाला तर उरलेल्या पंचवीस जणांना आनंद होतो, असा माझा गैरसमज होता. जे शब्द मला ऐकवले गेले त्यातले काही गोंडी होते, काही सिरोंच्याकडचे तेलुगू. त्यांचा अर्थ विचारायची मला गरज पडली नाही. पोंभुर्ण्याकडचा तो कापूसवाल्याचा मुलगा, याचिकाकर्ता क्रमांक दोन, याने मात्र फोन केला.

‘भाऊ, तू आमाले गाडीत बसवलं. आता अर्ध्या रस्त्यात उतरवून गाडी घेऊन चाल्ला,’ तो म्हणाला. ‘तुही नोकरी लागली, मले खुशी हाय. पन स्टे काऊन उठवतो? उठला तर आमच्यापाशी काय उरते?’

मी म्हणालो, ती बिंदुनामावली चुकली आहे हे तुला तरी माहीत आहे का? तो म्हणाला, ‘तू लिहिलं होतं ना भाऊ. तुह्या लिहिण्यावर भरोसा ठेवला मी.’ फोन ठेवल्यावर मला ग्रुपमधून काढण्यात आलं. मीच काढलेला ग्रुप, पण मेलेल्या सिमवरून; नव्या नंबरावर मी नुसता ॲडमिन, आणि दोन नंबरला ॲडमिन करण्याचा मोठेपणाही मीच दाखवलेला.

नागपूरला वकिलांना भेटलो. त्यांनी खर्रा तळहातावर घोळत शांतपणे सांगितलं की तुम्ही तुमचं नाव खुशाल मागे घ्या, दोन नंबर एक होईल, गाडी चालू राहील. स्टे तुम्ही मागितला म्हणून तो तुमचा होत नाही; एकदा दिला की तो कोर्टाचा. तो उठवायचा तर उलट बाजूने अर्ज करा. मी म्हटलं, करा. ते म्हणाले, मी कसा करू, मी तर तुमच्या बाजूने स्टे टिकवायला उभा आहे. समोरच्या टेबलाकडे जा. समोरच्या टेबलावर दुसरे वकील बसत. अंतर चार पावलांचं. मी नाव मागे घेतलं आणि ती चार पावलं टाकून माझ्याविरुद्ध वकीलपत्र लिहून दिलं.

तारीख जूनमध्ये लागली. कोर्टाच्या उन्हाळी सुट्टीनंतरचा गर्दीचा दिवस, कॉरिडॉरमध्ये काळे कोट एकमेकांत गुंतलेले. आत एका बाजूला माझे जुने वकील, दुसऱ्या बाजूला माझे नवे वकील, आणि मागच्या बाकावर मी, कोणाच्या मागे बसावं हे न कळल्यामुळे मधोमध. माझे पंचवीस माजी सोबती माझ्याकडे पाठ करून बसले होते. पंचवीस पाठी एकदम फिरतात तेव्हा वारा येतो.

न्यायमूर्तींनी कागद चाळले. जुनी याचिका पाहिली, नवा अर्ज पाहिला, दोन्हीवरचं नाव पाहिलं. ऐनक काढून पुसली. मग नव्या वकिलांना विचारलं की ह्याच गृहस्थांनी मागच्या वेळी नेमणुका थांबवा म्हणून मागणी केली, आता नेमणुका द्या म्हणतात, दरम्यान परिस्थितीत नेमका काय बदल झाला?

नवे वकील उभे राहिले. म्हणाले, ‘दरम्यान त्यांनी यादी पूर्ण वाचली.’

हसण्याचा आवाज पुढच्या खुर्चीपर्यंत गेला असावा, कारण शिपायाने शांत राहा म्हणून हात वर केला आणि स्वतःच तोंड फिरवलं. माझे जुने वकीलही हसले. पाठ करून बसलेल्या पंचवीसांपैकी निम्म्यांचे खांदे हलत होते. त्या कॉरिडॉरमध्ये रोज लोकांच्या जमिनी जातात, संसार मोडतात, पोरांचं वय उलटून जातं. हसायला त्यांना वर्षातून एकदा मिळत असेल आणि ते मी पुरवलं. आदेश झाला. नेमणुका द्याव्यात, मात्र त्या मूळ याचिकेच्या अंतिम निकालाच्या अधीन राहतील. म्हणजे नोकरी मिळाली, पण तिला कासरा बांधलेला, आणि त्याचं दुसरं टोक मी लिहिलेल्या हकीकतीत.

समुपदेशनाला मला शेवटी बोलावलं. एकच शाळा उरली होती. म्हाताऱ्याचं शास्त्र बिनचूक ठरलं. सफारी अंगात गेली, गुडघे वाकवून बसणं तेवढं जमलं नाही, म्हणून रुजू झाल्याच्या पहिल्या दिवशी मी पोरांसमोर दिवसभर उभा राहिलो आणि त्याबद्दल माझी गावात फार तारीफ झाली.

ऑगस्टात नवे वकील फोनवर म्हणाले की आता तुम्हाला मूळ याचिकेला परिच्छेदवार उत्तर द्यावं लागेल. प्रत्येक परिच्छेदापुढे मान्य किंवा नाकबूल लिहायचं, शक्यतो नाकबूल. ती याचिका जिंकली तर सगळी भरती पुन्हा होईल आणि तुमची नेमणूक जाईल, हे लक्षात ठेवा. मी विचारलं, याचिका कशी आहे? ते म्हणाले, अडचण तीच आहे. चांगली लिहिली आहे.

तर एका शनिवारी, सकाळची शाळा सुटल्यावर, मी वर्गात माझा जुना मराठी मसुदा उघडून उत्तर लिहायला बसलो. बाई बाहेरच्या ओट्यावर खिचडीचं भांडं घासत होती. म्हातारा दारात बसून तंबाखू मळत होता. गुरुजी कोर्टाचं लिहून राह्यले म्हटल्यावर त्याला घरी जाववेना. शाळेचं पुढं काय होणार ते ह्याच कागदावर आहे, हे त्याला कुणी सांगावं लागलं नाही.

पहिल्या परिच्छेदापुढे लिहिलं: नाकबूल. दुसऱ्यापुढे: नाकबूल, हे म्हणणे ऐकीव माहितीवर आधारलेले आहे. मग हात बसला. सातव्यापुढे: हे म्हणणे खोडसाळ असून याचिकाकर्त्याच्या घोर अज्ञानातून आलेले आहे. अकराव्यापुढे: याचिकाकर्त्याने सदर तक्ता कधीही पाहिलेला नाही. शपथेवर लिहायचं असतं, आणि मी शपथेवर इतकं खरं आयुष्यात कधी लिहिलं नव्हतं. स्वतःबद्दल लिहायला बसलं की माणसाला वाईट शब्दांची कमतरता पडत नाही, फक्त बाजू बदलायला हवी. जिथे जिथे मी रडलो होतो त्या ओळी मला पाठ होत्या, त्या मी एकेक करून कापल्या. मध्येच पोंभुर्ण्याकडच्याचा आवाज कानात आला, भरोसा ठेवला म्हणणारा. पेन थोडं थांबलं. पुन्हा चाललं.

बाविसाव्या परिच्छेदाशी आलो आणि अडलो. तिथे मी स्वतःबद्दल लिहून ठेवलं होतं की याचिकाकर्ता क्रमांक एक हा अत्यंत लायक, अनुभवी व विद्यार्थिप्रिय शिक्षक असून त्याला डावलणे म्हणजे लेकरांवर अन्याय होय.

मान्य लिहावं तर याचिका बळकट होते. नाकबूल लिहावं तर मी लायक शिक्षक नाही, असं शपथेवर कोर्टाला सांगितल्यासारखं होतं, आणि पगार शिक्षक म्हणून घेतोय. मी पेन आपटलं. म्हाताऱ्याने विचारलं काय झालं. मी ते वाक्य त्या दोघांना मोठ्याने वाचून दाखवलं आणि अडचण सांगितली.

म्हातारा तंबाखू मळायचा थांबला. बाईने राखेचा हात पदराला पुसला, आत आली, माझ्या खांद्यावरून त्या कागदाकडे पाहिलं. अक्षर न अक्षर वाचलं, शेवटपर्यंत.

‘लायक कोन हाय ते तुमी काऊन लिहिता, गुरुजी?’ ती म्हणाली. ‘दीड महिनाच झाला तुमाले येऊन. आमचं अजून पाहणं चालू हाय. पुढच्या तारखेपर्यंत तेवढं कोरं ठेवा.’

म्हातारा म्हणाला, बराबर हाय. मी बाविसाव्यापुढची जागा कोरी सोडली आणि तेविसावा परिच्छेद नाकबूल केला.